त्याच्याशिवाय बिल्ड

आमच्या डेव्हलपरने एकाच कंपनीची तिसऱ्यांदा तारीफ केली, तेव्हा मी सावध झाले. बातमीदारीत हे अंगात भिनतं. कुणी न विचारता भलामण करू लागला, की आधी भलामण करणाऱ्याची चौकशी करायची.

ऑफिस इकडे उत्तरेत, मनीमाजऱ्यात, पंख्यांच्या दुकानाच्या वर. माणसं तीन. मालकीणबाई पंजाबी. डेव्हलपर जळगावचा, जवळच्या खरड गावच्या कॉलेजात शिकायला आला आणि तिथेच राहिला. तिसरी मी, नवऱ्याच्या बदलीमुळे नागपूरचं वर्तमानपत्र सोडून आलेली. इथल्या सेक्टर ३२च्या रुग्णालयात येणाऱ्या रुग्णांच्या नातेवाइकांना जवळपास खोली शोधून देणारं आमचं ॲप. त्यातला मजकूर आणि लोकांच्या तक्रारी माझ्याकडे.

कोड एकच होता, त्यातून अँड्रॉइड आणि आयफोन दोन्हींसाठी ॲप निघायचं. कोडमधून फोनवर चालणारं ॲप तयार करणं म्हणजे बिल्ड. आयफोनचं बिल्ड मॅकवर करावं लागतं, आणि ऑफिसात मॅक एकच होता, डेव्हलपरचा स्वतःचा लॅपटॉप. तो तापाने झोपला की आयफोनवरची चूक तो बरा होईपर्यंत तशीच. यावर उपाय क्लाउड बिल्डचा होता. कोड इंटरनेटवरून एखाद्या कंपनीच्या मशीनवर पाठवायचा, तयार ॲप परत घ्यायचं.

"मॅडमजी, आप अखबारवाली हो, शक करना आपको आता है," मालकीणबाई त्याच्यासमोरच मला म्हणाल्या. "ऐसी सर्विस ढूँढो कि ये न हो तो भी काम चले."

"मी तेच तर सांगतोय कधीपासून," तो मराठीत पुटपुटला, आणि पुन्हा त्याच कंपनीचं नाव घेतलं.

आम्ही तीन कंपन्या निवडल्या. माझी हरकत एका गोष्टीवर होती. बिल्डसाठी कोडबरोबर ॲपवर सही करणारी डिजिटल किल्लीही कंपनीच्या हवाली करावी लागते. ती ज्याच्याकडे, तो आमच्या नावाने काहीही तयार करू शकतो. वर्तमानपत्राच्या भाषेत सांगायचं, तर नावाचा मथळा छापलेलं कोरं पान दुसऱ्याच्या छापखान्यात ठेवून यायचं. म्हणून मी सांगितलं, चाचणी खऱ्या ॲपची नको. एक रिकामं ॲप बनव, त्याला वेगळी किल्ली लाव, ते तिघांकडे पाठव.

तिघांकडूनही ते मुकाट तयार होऊन आलं.

"आता काय कळलं, ताई?" तो म्हणाला. "रिकामी पिशवी उचलून बघितली आपण. तिन्ही हमाल पास."

त्याचं म्हणणं बरोबर होतं. चाचणीतून काहीच सिद्ध झालं नव्हतं. मग मी जुन्या पद्धतीवर आले. नव्या माणसावर विसंबण्याआधी त्याला असा प्रश्न विचारायचा, ज्याचं उत्तर आपल्याला आधीच ठाऊक आहे. तिन्ही कंपन्यांच्या अटी मी बारीक अक्षरांसकट वाचल्या होत्या. तिघांच्याही अटींत लिहिलं होतं, की बिल्ड संपल्यावर मशीन पुसलं जातं, किल्ली मात्र आपण काढून टाकेपर्यंत त्यांच्याकडे राहते. मी तिघांना लिहून विचारलं, बिल्डनंतर आमची किल्ली तुमच्याकडे राहते का?

दोघांनी लगेच कळवलं, काहीही राहत नाही, निश्चिंत असा. तिसऱ्याचं उत्तर दुसऱ्या दिवशी आलं. राहते. ती कुठे असते आणि कशी काढायची, हेही त्यात होतं. हा तिसरा म्हणजे डेव्हलपरने सुचवलेला.

तरी मी त्याला विचारलंच, "तुला यात काही मिळतंय का?"

"काय ताई, तुम्हीपण! अटी मीही वाचल्यात. एवढंच मिळालं."

खातं उघडायची वेळ आली तेव्हा संशयाने दिशा बदलली. मालक म्हणून मालकीणबाईंचं नाव घाला, बिल्ड चालवायला तुमचं, असं त्याने सांगितलं.

"आणि तुझं?"

"माझं कुठेच नको. पक्का."

आपलं नाव कुठेच नको म्हणणारे मी पुष्कळ पाहिलेत. ते बहुधा दाराकडे सरकत असतात. मालकीणबाई खाली चहाला गेल्या, तेव्हा मी सरळ विचारलं, "नोकरी सोडतोयस?"

"सोडत नाहीये यार, ताई." त्याने लॅपटॉप मिटला. "बहिणीच्या हळदीला मी जनरेटरच्या मागे बसून बिल्ड करत होतो. मॅडमचा फोन आला होता ना. सगळे मला शोधत होते. शेवटी तिने स्वतः येऊन हळदीने माखलेला हात माझ्या गालाला फासला, म्हणाली, तुझं लग्न लॅपटॉपशीच लावून टाकू. आता तिच्या मुलीचं बारसं आहे. मामा आहे मी. खात्यात नाव असलं की फोन येणार. नाव नसलं, तर कशाला कोण करेल?"

मी त्या कंपनीवर शिक्कामोर्तब केलं. खरी किल्ली दिली. एकदा त्याच्यादेखत बिल्ड करून पाहिलं आणि तो जळगावला गेला.

बारशाच्या दिवशीच आयफोनवर खोल्यांचा नकाशा उघडेनासा झाला. असं होऊ शकतं हे ओळखून दुरुस्ती त्याने जाण्याआधीच लिहून ठेवली होती, फक्त तिचं बिल्ड करायचं राहिलं होतं. मालकीणबाई माझ्या खुर्चीमागे येऊन उभ्या राहिल्या. मी बटण दाबलं. बिल्ड रांगेत लागलं आणि तिथेच थांबलं.

"फोन लगाओ उसको."

"आज नहीं जी. उसके घर फंक्शन है."

"तो क्या? दो मिनट की बात है."

मी फोनला हात लावला नाही. बिल्ड हललं, सरकत गेलं, पूर्ण झालं. नवं ॲप फोनवर घातलं, नकाशा उघडला. मालकीणबाईंनी माझ्या पाठीवर थाप मारली, पुन्हा एकदा स्क्रीन पाहिली आणि म्हणाल्या, "लो जी. अब तो उसकी ज़रूरत ही नहीं."

"कोड कौन लिखेगा?" मी विचारलं.

"मज़ाक कर रही हूँ, मॅडमजी," असं म्हणून त्या हसल्या. पण जाता जाता विचारलंच, महिन्यातून थोडंच काम असेल, तर असं लिहून देणारे बाहेर मिळतात का?

संध्याकाळी त्याने पाळण्याचा फोटो पाठवला. खाली विचारलं होतं, "झालं का, ताई?"

"झालं," मी लिहिलं. "परत आलास की आधी मला भेट. मॅडमना नंतर."

"का? काय झालं?"

"फोनवर नको," एवढंच मी लिहिलं.