सत्यशीलाचं प्रथमफळ

"भोपळा ठेवू," मार्थाबाई म्हणाली. "भोपळ्याला कोन नावं ठेवनार हाय?"

"भोपळा माझा नाही, आई."

"आपल्याच परसात लागलाय!"

"वेल तू लावलास, पाणी तू घातलंस. मी काय केलं? मुंबईत बसून त्याच्याकडं तोंड केलं?"

सत्यशीलाने ओढणीच्या गाठीतून पेनड्राईव्ह सोडवला आणि निवडायला घेतलेल्या बाजरीच्या सुपात ठेवला. करंगळीच्या पेराएवढा. मार्थाबाईने त्याच्याकडे धान्यात निघालेल्या किड्याकडे बघावं तसं बघितलं.

"ह्यो ठेवनार? देवाच्या टेबलावर?"

"हाच माझा."

खैरवाडी हे नेवासा तालुक्यातलं, प्रवरेच्या अलीकडचं गाव. तिथल्या ख्रिस्तवाडीत दिवाळीनंतरच्या रविवारी कापणीचा सण असतो. वर्षभरात ज्याने जे पिकवलं, घडवलं, त्यातलं पहिलं फळ त्याने चर्चमधल्या टेबलावर आणून ठेवायचं. शेतकऱ्याने बाजरी, शिंप्याने झबलं, पाथरवटाने पाटा. उपासना संपली की सॅमसन गुरुजी एकेक वस्तू उचलतात, देणाऱ्याचं पूर्ण नाव पुकारतात आणि बोली लागते. पैसा चर्चच्या कामाला. पण खरी गोष्ट पैशाची नाहीच. तुमचं नाव, तुमच्या बापाचं नाव, तुमचं काम, सगळं त्या खणखणीत आवाजात गावासमोर एकदा म्हटलं जातं, ही गोष्ट आहे. आणि एखाद्या वस्तूवर बोलीच लागली नाही, तर देणाऱ्याने ती उचलून घरी न्यायची. आजवर हे एकदाच घडलंय. भिमाजीने आणलेला बोकड टेबलाच्या पायाशीच आजारी पडला. बावीस वर्षं झाली. भिमाजीला अजून 'परत आलेला भिमाजी' म्हणतात.

सत्यशीलाला आपलं नाव पुकारलेलं हवं होतं. आपल्याच कामावर. आणि ते काम परत आलेलं नको होतं.

तिचा बाप प्रभुदास वडागळे लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचा. मिशनच्या बंगल्यातल्या अमेरिकन मॅडमसाहेब कायमच्या निघाल्या तेव्हा तिथल्या सामानाचा लिलाव झाला. प्रभुदास बाजाची पेटी घ्यायला गेला आणि पेटी हातची गेल्यावर रागारागाने रेकॉर्डप्लेयर आणि सात तबकड्या घेऊन आला. वेष्टनं वाळवीने खाल्लेली. कोण वाजवतंय, कुठलं वाजवतंय, काही पत्ता नाही. एवढं मात्र कळत होतं की त्यातला क्लॅरिनेटवाला सुराकडे सरळ चालत जात नाही. बांधावरून तोल सांभाळत, थोडा कलत, उशिरा पोचतो. प्रभुदासने ते उचललं. मग वरातीत मध्येच एखादा सूर असा कलला की वरबाप ओरडायचा, "ओ मास्तर, सरळ वाजवा की!" हे वाक्य पंचक्रोशीत इतकं रुळलं की चिखलात सायकल घसरलेल्या माणसालाही लोक म्हणायचे, सरळ वाजवा.

सत्यशीला सोळाची असताना तो गेला. क्लॅरिनेट तिच्याकडे आली.

बाविसाव्या वर्षी ती गायला म्हणून मुंबईला गेली. चार-पाच वर्षं कोरसमध्ये मागच्या रांगेत उभी राहिली. मग मोबाईलवरची ॲपं आली, आणि त्यांच्यासाठी दार लावून बघायच्या मालिका निघू लागल्या. एका ओळखीच्या बाईने विचारलं, तिने रात्रभर विचार केला आणि हो म्हणाली. पडद्यावर नाव रूही. सात वर्षं तिने ते काम केलं. भाड्याचा बंगला, सकाळी आठची शिफ्ट, तीन दिवसांत दोन भाग, आणि आवाज येतो म्हणून पंखे बंद. करारातली प्रत्येक ओळ ती मोठ्याने वाचायची. "हे करीन. हे करणार नाही. आणि हे मधल्या पानावर काय लपवलंय?" पुढे पुढे नव्या मुली सहीआधी तिला फोन करायला लागल्या. पस्तिसाव्या वर्षी तिने काम थांबवलं. कुणी काढलं नाही, कुणी वाचवलं नाही. ठरवलं आणि थांबवलं.

साठलेल्या पैशातून तिने नगरला एक स्टुडिओ घेतला, वीस दिवसांसाठी. एरवी तिथे निवडणुकीची गाणी व्हायची. ड्रमवर बँडवाल्याचा मुलगा, गिटारवर दातांच्या कॉलेजातला एक विद्यार्थी, गळा आणि क्लॅरिनेट तिची. आठ गाणी. मवाळ रॉक म्हणा, पण अंगाने जॅझकडे झुकलेला. त्या सात तबकड्यांचं पाणी त्यात मुरलेलं. अल्बमचं नाव 'दुपारची वीज'.

एक कंपनी घ्यायला तयार झाली.

"मॅडम, कव्हरवर रूही लिहू. फोटो तो जुनाच. लाखभर लोक येतील."

"ऐकायला की बघायला?"

"काय फरक पडतो?"

"मला पडतो," ती म्हणाली आणि तिने गाणी स्वतःच, सत्यशीला प्रभुदास वडागळे या नावाने नेटवर टाकली. महिन्यात दोनशे बारा जणांनी ऐकली. त्यात दातांच्या कॉलेजातलेच निम्मे असावेत.

शनिवारी दुपारी, भोपळ्याचा वाद अर्धवट असतानाच, सॅमसन गुरुजी ओट्यावर येऊन बसले. निवृत्त शिक्षक, चर्चच्या कारभारी मंडळातले वडील, आणि प्रभुदासचे बालमित्र. पाण्याचा तांब्या त्यांनी एका दमात संपवला.

"सत्या, उद्या काही ठेवणार आहेस म्हणे."

"हो, काका."

"ठेव. माझी ना नाही. चर्चच्या पाळकसाहेबांचीही नाही. फक्त आधी साक्ष दे. उभी राहा, दोन वाक्यं बोल. चुकले, परत आले. बस्स. मग बघ तुझं नाव कसं पुकारतो. घंटेसारखं!"

"साक्ष कशाची?"

"आता मला बोलायला लावू नकोस."

"मीच बोलते. काम केलं. फसवलं कुणाला नाही, आईच्या दोन्ही डोळ्यांचे मोतीबिंदू काढून घेतले. झाली साक्ष. पण 'चुकले' हा शब्द तुमचा आहे, काका. तो माझ्या तोंडात घालू नका."

"अगं, लोक काय म्हणतील?"

"भिमाजीकाकांची बाजरी टेबलावर येते, तेव्हा विचारता का तिला, बाई गं, कुठल्या उकिरड्यावरचं खत खाल्लंस?"

सुपामागून मार्थाबाईला हसू फुटलं. ते तिने खोकल्यात ढकललं.

"जीभ बापाची आहे," गुरुजी उठता उठता म्हणाले.

"क्लॅरिनेटही."

दारात ते थांबले. त्यांना काहीतरी बोलायचं होतं. चर्चमधले चार पंखे पाच वर्षांपूर्वी 'एका भगिनीकडून' आलेल्या पाकिटातून बसले होते, आणि पाकिटावरचं अक्षर त्यांनी चौथीत स्वतः वळवून घेतलं होतं. ते तसेच चपला घालून निघाले. तिनेही आठवण करून दिली नाही. पंखे देणगी होते. देणगीचा वशिला तिला लावायचा नव्हता.

रविवारी चर्च भरलं. दाराबाहेर ट्रॅक्टर लावून, उसाची ट्रॉली मागे तशीच ठेवून, आसाराम उभा होता. शेजारच्या गावचा शेतकरी. ख्रिस्ती नाही, पण दर वर्षी कारखान्याला जाता जाता थांबायचा. म्हणायचा, "देवाच्या टेबलावरलं वांगं किडकं नसतंय."

बोली सुरू झाली. बाजरी गेली, झबलं गेलं, अंड्यांची टोपली गेली. मग गुरुजींनी एक मोठा, पिवळाधमक भोपळा दोन्ही हातांनी वर धरला.

"सत्यशीला प्रभुदास वडागळे! यांच्याकडून एक भोपळा!"

घंटेसारखंच पुकारलं. सत्यशीलाने आईकडे बघितलं. मार्थाबाई खिडकीतून बाहेर बघत होती, जणू पहिल्यांदाच खिडकी बघतेय. गुरुजींच्या चेहऱ्यावर सुटका होती. नाव झालं, भोपळाही झाला, सगळ्यांची अब्रू जागच्या जागी.

कुणीतरी मागून बोली लावलीसुद्धा. तिने गप्प बसायचं होतं, एवढंच.

ती उभी राहिली.

"काका, भोपळा आईचा आहे. मार्था प्रभुदास वडागळे म्हणा. माझं हे."

टेबलापर्यंत चालत जाऊन तिने पेनड्राईव्ह ठेवला. पाळकसाहेबांना एकाएकी शास्त्रातली कुठलीशी ओळ शोधायची घाई झाली. गुरुजींनी भोपळा खाली ठेवला, पेनड्राईव्ह चिमटीत उचलला.

"प्रभुदासच्या मुलीकडून…"

"नाव, काका."

"सत्याकडून…"

"पूर्ण."

गुरुजींनी घसा साफ केला. वर पंखा फिरत होता. त्यांची नजर एकदा तिकडे गेली आणि खाली आली.

"सत्यशीला प्रभुदास वडागळे. यांच्या… यांच्या कामाचं प्रथमफळ. आठ गाणी. बोला!"

कुणी बोलेना.

बायका पुरुषांकडे बघत होत्या, आणि पुरुष कुठेच बघत नव्हते. अडचण साधी होती. ज्याने तोंड उघडलं, त्याने रूहीला पाहिलंय असं बायको समजणार. त्यामुळे ख्रिस्तवाडीतले झाडून सगळे पुरुष त्या क्षणी एकदम निर्मळ आणि मुके झाले.

"एक वार," गुरुजी म्हणाले. "दोन वार…"

"थांबा," सत्यशीला म्हणाली. तिने हात पाठीमागे बांधले. "वानगी कुठं दाखवली? बाजरी तुम्ही दाताखाली फोडून बघता, भोपळ्यावर टिचकी मारून बघता. वानगी न बघता माल परत पाठवायची रीत कधीपासून आली? आधी ऐका. मग नको असेल तर मी उचलून नेते. भिमाजीकाकांनी नेलाच की बोकड!"

"माझं नाव कशाला मधी घेती?" भिमाजी पुटपुटला.

"वानगीचं बरोबर हाय," पुढच्या बाकावरून म्हातारी झुंबरबाई म्हणाली. "रीत ती रीत."

चर्चमध्ये वाजवायची सोय नव्हती. सत्यशीला दाराकडे वळली. "आसारामदादा, ट्रॅक्टरचा टेप चालू आहे?"

"चालू म्हंजे! चार भोंगे हायेत. हितं लावला तर नेवाशात ऐकू जाईल."

"हळू लावा. हे हळूच ऐकायचं आहे."

"हळू कसा लावत्यात त्ये बघावं लागंल," असं म्हणत आसारामने पेनड्राईव्ह खुपसला.

लोक दारात, पायऱ्यांवर जमले. आधी नुसता ड्रम, ब्रशने घासलेला. कुणी सुपात धान्य पाखडतंय तसा. मग गिटार. मग सत्यशीलाचा गळा, शेजारी बसून बोलल्यासारखा:

दुपारी दोनला येते वीज, तोवर बांधावर बसते मी,
मोटार सुरू झाली की सांग, पाण्याआधी हसते मी.

"आमच्या फीडरलाबी दोनलाच येती," कुणीतरी हळूच म्हणालं. "शुक, ऐका!"

दुसऱ्या कडव्यानंतर क्लॅरिनेट आली. सुराकडे निघाली, बांधावर कलली, पडते की काय असं वाटलं, आणि उशिरा, अगदी उशिरा पोचली.

झुंबरबाईने काठी आपटली. "ह्यो तर प्रभुदास!"

"आजी, त्यांना जाऊन एकोणीस वर्षं झाली."

"मंग वाजवतंय कोन?"

"मी."

क्लॅरिनेट पुन्हा कलली, आणि मागून भिमाजीचा आवाज आला, अगदी वरबापाच्या थाटात: "ओ मास्तर, सरळ वाजवा की!"

सगळी पायरी हसली. पाळकसाहेबसुद्धा. मार्थाबाई तर हसता हसता पदर तोंडाला लावून खाली बसली. मग ते हसणंच आहे की दुसरं काही, ते कळेना.

गाणं संपल्यावर गुरुजींनी आपणहून नाव परत पुकारलं. पूर्ण. "बोला!"

"पाचशे," आसाराम म्हणाला.

"आरं आसाराम," कुणीतरी टोमणा मारला, "तू बगितलंय वाटतं रं हिला, मोबाईलवर?"

आसारामने ट्रॅक्टरवरूनच सगळ्यांवर नजर फिरवली. "बगितलंय की. तुमीबी बगितलंय. आज ऐकलं. कारखान्याच्या लायनीत मला दोन दोन दिस बसाया लागतंय, मला हे पायजे. सहाशे!"

"आपल्याच बोलीवर बोली लावतोस काय रे?" गुरुजी म्हणाले.

"आठशे!" झुंबरबाई ओरडली.

"आजी, तुमच्याकडं लावायला काय हाय?"

"न्हाई काही. पन म्हनून ह्याला स्वस्तात जाऊ द्यायचं व्हय?"

आसारामच्या हजाराला गुरुजींनी बोली तोडली. आसारामने पैसे मोजले, पेनड्राईव्ह काढलाच नाही, आणि ट्रॉली डुलत डुलत रस्त्याला लागली. आता त्याने आवाज हळू ठेवला नव्हता. दोन-तीन घरं बोलीनंतरचा शेवटचा आशीर्वाद न घेताच, तोंड फिरवून निघून गेली होती. सत्यशीलाने ती कुठली ते बघून ठेवलं, आणि लक्षात ठेवायचं नाही असं ठरवलं.

गुरुजी टेबल आवरत होते. सगळं गेलं होतं. भोपळा राहिला होता. त्याच्यावरची बोली गोंधळात विरून गेली होती.

"मार्था प्रभुदास वडागळे," ते अपराध्यासारखे म्हणाले, "तुमचा माल परत."

मार्थाबाईने भोपळा कमरेवर घेतला. वाटेने चालताना लांबून अजून क्लॅरिनेट ऐकू येत होती, उसाच्या वासासारखी मागे रेंगाळत.

"आता मला 'परत आलेली मार्था' म्हनत्याल," ती म्हणाली.

"मग?"

"मग काय. म्हनू दे." तिने भोपळा दुसऱ्या बाजूला घेतला. "घारगे करते. गुरुजीलाबी धाड दोन. घसा बसला असंल बिचाऱ्याचा, तुजं नाव घेऊन घेऊन."

"चार धाडू," सत्यशीला म्हणाली आणि आईच्या कमरेवरचा भोपळा तिने आपल्या कमरेवर घेतला.