अर्ध्या मिशीची प्राथमिक चौकशी

जगात असं एकही भांडण नसेल, ज्यात लक्ष घालायचा आपल्याला अधिकार आहे की नाही याचा आपल्या कुंपणापलीकडच्या काकांनी विचार केलेला नाही. आणि असंही एक नसेल, ज्यात त्यांनी शेवटी लक्ष घातलं. तुम्हा मुलांना ते आठवत असतील ते आपल्या ओट्यावर, तुमच्या आजोबांशेजारी, स्वतःच्या घरून आणलेल्या लोखंडी खुर्चीत बसून बशीतून चहा पिणारे. ते तिथे का बसायचे, मध्यंतरी का बसेनासे झाले आणि त्यात आपल्या ईराच्या कात्रीचा काय संबंध, हे क्रमाने लिहून ठेवावं म्हणून आज कागद घेतला आहे.

आपण पिपरी मेघेला राहायला आलो तेव्हा काका कोर्टात बेलिफ होते, म्हणजे समन्स घरोघर नेऊन द्यायचं काम. सायकलवर अल्लीपूरपर्यंत जायचं, आणि ज्याच्या नावाचं समन्स तो माणूस नेमका मावशीच्या गावी गेलेला असायचा. मग कागद दाराला चिकटवायचा, दोन पंचांच्या सह्या घ्यायच्या आणि परत यायचं. "उभी नोकरी बंद दारं पाह्यन्यात गेली, वैनी," असं ते म्हणायचे. निवृत्तीनंतर एका वकिलाने कपाट रिकामं करताना त्यांना एक इंग्रजी पुस्तक देऊन टाकलं. परदेशातल्या एका न्यायालयाचे नियम होते त्यात. तिथे देशोदेशीच्या सेनापतींवर आणि राज्यकर्त्यांवर खटले चालतात. इंग्रजी वाचून घ्यायला काका माझ्याकडे आले. रोज दुपारी चारला एक पान. मी वाचायची, अर्थ सांगायची, आजोबा घोरायचे. त्या न्यायालयाकडे स्वतःचा एकही पोलीस नाही, वॉरंट काढलं तरी आरोपी हाती लागेलच असं नाही, हे पान आलं तेव्हा काकांनी बशी खाली ठेवली. "म्हणजे हे बी बेलिफच हायेत," ते म्हणाले.

महिन्याभरात आपल्या गल्लीत तसंच न्यायालय निघालं. प्रत्येक घर हा एक देश, फाटक ही सरहद्द आणि सरकारी वकील काका स्वतः. न्यायाधीश नव्हता, आधी एखादा खटला तरी उभा राहू द्या, मग नेमू, असं त्यांचं म्हणणं. जो सही करील तो सदस्य देश. आजोबांनी टाकी साफ करण्याचा कागद समजून न वाचता सही केली. मी वाचल्याशिवाय सही करत नाही, आणि वाचल्यावर तर मुळीच केली नाही. काका दोन दिवस विचारात पडले आणि त्यांनी निर्णय दिला: ओटा, अंगण आणि बैठक आजोबांची, म्हणून ती न्यायालयाच्या हद्दीत, स्वयंपाकघर माझं, म्हणून हद्दीबाहेर. त्या दिवसापासून त्यांनी स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडला नाही. मी कप उंबऱ्यावर ठेवायची आणि ते पलीकडून वाकून उचलायचे.

कामाचा उरक विचारू नका. एकदा कोपऱ्यावरच्या दोन भावांची पाण्याच्या मोटारीवरून जुंपली आणि दोघंही तणतणत काकांकडे आले. काकांनी शांतपणे विचारलं, "तुमच्या घरच्या मोठ्या मानसानं आंधी चौकशी केली काय? घरचं कोर्ट नाखूष असलं, नाईतर त्याच्यानं होतच नसलं, तवाच आमी हात घालतो." तोवर मोटार चालूच होती आणि टाकीचं पाणी रस्त्यावर आलं होतं. "पानी वाहून राह्यलं ते मले दिसते," काका म्हणाले, "पन अधिकार नाई." एकदा त्यांच्याच परसात गाय शिरली, तर ती सदस्य घरची आहे की बाहेरची याचा ते शोध घेत बसले. "आता गाईले वकील देता काय?" असं म्हणत काकूंनी खराटा घेतला आणि गाय बाहेर काढली.

पण त्यांचं खरं प्रेम होतं सरकारी वकिलाच्या विवेकाधिकारावर. खटला भरता येणं वेगळं आणि भरावा की नाही हे ठरवणं वेगळं, हा नियम त्यांनी माझ्याकडून तीन वेळा वाचून घेतला. काकूंनी त्यांच्या फायलींचा गठ्ठा रद्दीत घातला, तेव्हा आरोपी, हद्द, पुरावा सगळं जागच्या जागी होतं. तरी काकांनी खटला भरला नाही. "न्यायाचं हित पाह्यलं, वैनी. वांग्याची भाजी व्हायची होती."

ईरा सहा वर्षांची असताना तुम्ही सगळे उन्हाळ्यात आला होतात. दुपारी आपल्या कूलरसमोर, ओट्यावर, काका खुर्चीतच झोपले होते. चारला उठून बघतात तो डावी मिशी नाही. ईराच्या हातात माझी कात्री. तुमची आई रडकुंडीला आली. काका मात्र इतके खुशीत मी त्यांना कधी पाहिले नव्हते. घटनास्थळ सदस्य देशात, हत्यार स्वयंपाकघरातलं म्हणजे हद्दीबाहेरचं, आरोपी परदेशी नागरिक. एका मिशीत पुस्तकाचे तीन धडे आले होते. पुरावा म्हणून उजवी मिशी त्यांनी महिनाभर तशीच ठेवली. बोरगावच्या एका लग्नालाही तसेच गेले, आणि काकू दहा पावलं पुढे चालल्या. गुन्हा पुरेसा गंभीर आहे का, यावर मात्र ते अडले. "पूर्न मिशी असती तं गोष्ट वेगळी. अर्धी म्हंजे काठावर." त्यात अठरा वर्षांखालच्या माणसावर खटला चालत नाही, हा नियम निघाला. मग त्यांनी पुढचं पान काढलं: हाताखालच्याने केलेल्या कृत्याला वरचा जबाबदार. "पोरीच्या वरती कोन?" असं म्हणून त्यांनी स्वयंपाकघराकडे पाहिलं. माझ्यावर प्राथमिक चौकशी सुरू झाली आणि रोज चारला ती दहा वर्षं चालली.

मग तुमचे आजोबा गेले. तेरावं झालं त्या संध्याकाळी काका टोपी हातात घेऊन ओट्यावर आले. "वैनी, सही करनारा गेला. आता ह्या ओट्यावर माहा अधिकार नाई." आणि खुर्ची उचलून घेऊन गेले. मला आधी हसू आलं. दुसऱ्या दिवशी चारला मी सवयीने उंबऱ्यावर कप ठेवला आणि तो तिथेच गार झाला. असं पंधरा दिवस चाललं. शेवटी कुंपणाशी काकू म्हणाल्या, "चार वाजले का खुर्ची इकडं तोंड करून ठेवते, अन् घड्याळ पाह्यत बसते हा मानूस. म्या म्हनलं जा ना मंग, तं म्हनते, बिनाकामाचं बाईमानसाच्या घरी जाऊन बसू काय?"

मी चष्मा आणि पेन घेतलं आणि त्यांच्या फाटकातून आत गेले. सदस्यत्वाचा कागद पुन्हा पहिल्यापासून वाचला आणि सही केली, स्वयंपाकघरासकट. मग म्हटलं, "आणखी एक. त्या दिवशी ईराच्या देखत मीच म्हणाले होते, की ही डावी मिशी फार लांब झालीय, कुणीतरी एकसारखी करायला हवी. कात्रीही मीच दिली." तुमची आजी दहा वर्षं गप्प राहिली होती, हे तुम्हीही आता वाचा.

काकांनी मिशीवरून बोट फिरवलं. "मालूम हाय. मी जागाच होतो."

"जागे होतात? मग थांबवलं का नाही तिला?"

"पोरगी येवढं मन लावून कापून राह्यली होती. मधातच तुमी तिले दूध प्याले हाक मारली, म्हनून अर्धी राह्यली. नाईतर बरोबर झाली असती."

"आणि खटला?"

"खटला भरला असता तं निकाल लागला असता, वैनी. निकाल लागला का फाईल बंद. मंग मी चारले कुठं गेलो असतो?"

त्यांनी माझी कबुली लिहून घेतली नाही. दुसऱ्या दिवशी चारला लोखंडी खुर्ची फरशीवरून ओढल्याचा आवाज आला. आजोबांची खुर्ची आम्ही होती तिथेच ठेवली आहे, आणि चौकशी चालू आहे.

ईरा, तू येत्या वर्षी अठराची होशील. जुन्या गुन्ह्याला त्याने काही फरक पडत नाही, असं काका सांगतात. तरी सुट्टी मिळाली तर ये. कात्री खिळ्याला टांगलेली आहे, आणि डावी मिशी त्यांनी पुन्हा लांब वाढू दिली आहे.