धुऱ्यावरचे दगड

मे महिन्यात मी लोणारकडच्या उंद्रीला माहेरी गेले, तेव्हा आमच्या वावरात एक कलावंत उतरला होता. पुण्याचा. अंगात खादीचा ढगळ सदरा, गळ्यात पंचा, पायात मात्र महागाचे बूट. दगड, तुरीच्या वाळक्या तुराट्या, पळसाची पानं असं निसर्गातलंच सामान घेऊन तो वावरात भली मोठी आकृती मांडणार होता. मग पावसाळ्यात ती आपोआप मोडणार, आणि ते मोडणं हीसुद्धा कलाच. म्हणजे करतानाही कौतुक, मोडतानाही कौतुक. असा धंदा आमच्या सात पिढ्यांत कुणाला सुचला नाही.

"माती माझ्याशी बोलते," असं तो पहिल्याच चहाला म्हणाला. आमच्या घरच्यांनी जन्मभर त्या मातीत हाडं झिजवली, त्यांच्याशी ती चकार शब्द बोलली नाही.

वावर माझ्या मोठ्या भावाचं. दादा म्हणजे उष्ट्या हातानं कावळा न हाकणारा माणूस. त्यानं या पाहुण्याला फुकट जागा द्यावी, वर दोन्ही वेळा जेवू घालावं, याचं मला नवल वाटत होतं. कलावंत दगड शोधू लागला तसा दादाच पुढं झाला.

"धुऱ्यावरचे घ्या ना साहेब. लय जुने हायेत. असे दगड तुम्हाले पुण्यात नाही भेटनार."

धुरा म्हणजे दोन वावरांमधली हद्द. आमच्या धुऱ्यापलीकडं चुलत काकूचं वावर. काका गेल्यापासून ती एकटीच कसते. दरवर्षी पेरणीला दादाचा ट्रॅक्टर हातभर तिकडं सरकायला बघायचा, आणि काकू त्या दगडांपाशी येऊन उभी राहायची, म्हणून तो तिथंच थांबायचा.

कलावंतानं ट्रॉली लावून इकडच्यातिकडच्या दगडांबरोबर तेही उचलले. काकू तेव्हा लेकीकडं लोणारला गेली होती, आणि हे दादाला पक्कं ठाऊक होतं. मी विचारलं तर हसला.

"मी कुठं हात लावला? कलाकारानं नेले. जूनात एकदा ट्रॅक्टर फिरला का धुरा कुठं होता, कोन सांगते?"

"लाज नाही वाटत काय तुले?"

"तू चार दिवसांची पाव्हनी. आंबे खाय अन् जाय."

कलावंताचा मला राग येत होता, पण मूर्खाचा राग तरी किती करणार? किळस आली ती दादाची.

शेवटच्या दिवशी वावरात गाव जमलं. दगडांचं मोठं वर्तुळ, मध्ये तुराट्या, कडेनं पळसाची पानं. दिसत होतं चांगलं, खोटं कशाला बोलू. कलावंताचं भाषण रंगात आलं होतं, तेवढ्यात एसटीनं परतलेली काकू हातातल्या पिशवीसकट थेट वर्तुळात शिरली.

"बापू, याच्यातले माह्या धुऱ्याचे दगड कोनते?"

त्याच्या कलेविषयी गावात कुणी काही विचारण्याची ही पहिलीच वेळ. त्याचा चेहरा उजळला.

"आजी, आता यात तुमचं-माझं असं काही उरलंच नाही."

टाळ्या पडल्या. सगळ्यात जोरात दादाच्या.

"माहं नाही उरलं, हे समजलं," काकू म्हणाली. मग तिनं दादाकडं बोट केलं. "पन याचं कसं काय उरलं?"

टाळ्या थांबल्या. दादा आभाळात ढग शोधू लागला. मी पुढं झाले आणि कलावंताला सगळं सांगितलं. हे दगड म्हणजे हिच्या जमिनीची हद्द, होते तिथं परत लावून द्या, म्हटलं.

"ताई, एक जरी दगड हलवला तरी रचना मोडेल हो," तो कळवळून म्हणाला. पावसानं मोडलेली चालते, काकूनं मोडलेली चालत नाही. एवढं बोलून तो फोटोग्राफरकडं वळला. "आजींचा चेहरा बघ काय सुंदर आहे. घे, असाच घे."

काकू पिशवी बाजूला ठेवून खाली बसली आणि एकेक दगड उलटून पाहू लागली.