फाटकातून दिलेली कॉफी

शुक्रवारी सकाळी रसमिया खुर्च्या पुसत होती. चार घरच्या, बाकीच्या गल्लीतून गोळा केलेल्या, त्यामुळे एकीची उंची दुसरीशी जुळत नव्हती. आतल्या खोलीत हनादी, तिची धाकटी मुलगी, केसांना कसलंसं मलम चोपडून बसली होती, आणि नवरा जवदत माझा वस्तरा कोणी नेला म्हणून घर डोक्यावर घेत होता.

"तुम्हाला मागायला येत नाहीयेत आज," रसमिया म्हणाली. "दाढी राहिली तरी चालेल."

"मुलीचा बाप आहे मी. खाटकासारखा दिसू का?"

दुपारच्या नमाजानंतर सुहैबकडची माणसं येणार होती. सुहैब शेजारच्या हलहूल गावचा वायरमन. हनादीच्या कॉलेजात दिवे बसवायला आला आणि एकाच वर्गात तीनतीनदा दिवे तपासत राहिला. मुलांचं आधीच ठरलं होतं, दोघांच्या आयांचंही ठरलं होतं; पण खलीलमध्ये, ज्याला बाहेरचे हेब्रॉन म्हणतात तिथे, ठरलेल्या गोष्टीलाही रीत लागते. मुलाकडचे वडीलधारे मुलीच्या बापाच्या घरी येऊन बसतात. पुढ्यात कडू कॉफी येते. त्यांचा म्होरक्या पेला खाली ठेवतो, आणि बाप "दिली" म्हणेपर्यंत त्याला ओठ लावत नाही. "दिली" म्हटलं की सगळे एकदम पितात. आतल्या बायका दाराला कान लावून त्या घोटाची वाट बघतात. थोरल्या दोघींच्या वेळी रसमिया तशीच उभी होती, श्वास धरून.

खुर्च्या पुसून होतात न होतात तोच दार वाजलं. हाताने नव्हे, बंदुकीच्या दस्त्याने. हा आवाज गल्लीतली तान्ही पोरंसुद्धा ओळखतात.

पाच इस्रायली सैनिक आणि एक वही. त्यांच्यातल्या एकाला अरबी येत होतं. घरात कोण राहतं, कोण झोपतं, ओळखपत्रं दाखव. रसमियाच्या मुलाहून लहान वयाचा, आणि तिला अगं-तुगं करत होता. प्रत्येकाच्या ओळखपत्राच्या पाकिटावर त्याने पेनाने आकडा लिहिला. जवदत एकशे वीस, रसमिया एकशे एकवीस, हनादी एकशे बावीस.

"आजपासून वहीत आकडा असेल तोच खालच्या फाटकातून आत येईल."

"आणि पाहुणे?" जवदतने विचारलं. अर्ध्या गालाला अजून साबण होता.

"पाहुणे नाहीत."

"आज येणार आहेत. मुलीला मागायला."

सैनिकाने खुर्च्यांकडे पाहिलं, मग वही मिटली. "मग तुम्हीच खाली जा."

महिनाभर शहर पेटलेलं होतं. गल्लीच्या तोंडाशी सैन्याने बसवलेल्या त्या फाटकापाशी एका पोराने सैनिकाच्या मानेत सुरा घातला. पोराला तिथेच गोळ्या घातल्या. मग मोठ्या रस्त्यावर एका ज्यू कुटुंबाच्या गाडीवर कोणी गोळ्या झाडल्या, त्यात एक बाई गेली. मग वरच्या ज्यू वस्तीतले लोक उतरले आणि गल्लीतल्या खिडक्या फोडून गेले. सैनिक त्यांच्या मागे उभे राहून बघत होते. रोज एक मयत, रोज घोषणा. त्या पोराची आत्या रसमियाच्या ओळखीची. तिच्या घरी समाचाराला गेली तेव्हा बायका त्याला सिंह म्हणत होत्या. रसमिया तिथेच म्हणाली होती, "सिंह? आम्हाला विचारलं होतं का त्याने? तो गेला. आम्हाला रोज त्या फाटकातून भाजी आणायचीय." परत येताना वरच्या वस्तीतल्या एकीने तिच्या अंगावर पाणी ओतलं. पाणीच होतं असं तिने घरी सांगितलं.

माणसं वेळेवर आली. नऊ जण, इस्त्रीचे कोट, पुढे सुहैबचे चुलत आजोबा हाजी रिबही, वय अठ्ठ्याहत्तर, साखरेचा आजार. फाटकाबाहेर त्यांना भिंतीशी उभं केलं. आत जवदत, त्याचा थोरला भाऊ फखरी आणि गल्लीतले दोघे. मध्ये लोखंडी गज. अर्धा तास गेला, एक तास गेला. सैनिक फोनवर बोलत होता, हात हलवून थांबा म्हणत होता. दोन तासांनी रसमिया गच्चीवरून बघत होती, तर हाजींचे गुडघे वाकायला लागले होते.

ती जिना उतरली आणि किटली-पेले घेऊन फाटकाकडे निघाली.

"रस्त्यात कॉफी द्यायची?" जवदत खालूनच ओरडला. "आधी घरात येऊन मागू दे त्यांना!"

"तोवर म्हातारा पडेल. दारातला पाहुणा कोरडा ठेवू?"

सैनिकाने किटलीचं झाकण उघडून वास घेतला आणि मान हलवली. रसमियाने गजांमधून पेले दिले. हाजींनी पेला घेतला आणि रिवाजाप्रमाणे खाली ठेवायला इकडेतिकडे बघितलं. ठेवायला जागाच नव्हती. तेवढ्यात खालच्या बाजारात मोठा बार झाला, सगळे दचकले, आणि हाजींनी एका घोटात कॉफी पिऊन टाकली.



"प्याला," फखरी म्हणाला. "मागण्याआधीच प्याला!"

"म्हाताऱ्या माणसाचा घसा सुकला होता," सुहैबचा काका म्हणाला.

"आमची पोरगी म्हणजे काय पाणपोई? येता-जाता घोट घेतला?"

"आणि तुम्ही आम्हाला भिकाऱ्यासारखं रस्त्यावर पाजलंत त्याचं काय? दोन तास! घराचा उंबरा तरी दाखवलात?"

"चावी माझ्याकडे आहे का फाटकाची?"

मग आवाज चढले. कोणाच्या आजोबांनी कोणाची द्राक्षबाग कशी लाटली तेही निघालं. सुहैब मान खाली घालून उभा होता. दोन सैनिक कठड्याला टेकून मजा बघत होते. एकाने फोनवर चित्रीकरण सुरू केलं. रसमियाला ते दिसलं आणि तिच्या डोक्यात काहीतरी सटकलं.

"गप्प बसा!" ती ओरडली. गल्लीत तिचा एवढा आवाज कोणी ऐकला नव्हता. "लाज आहे का? ज्याने दार बंद केलं तो हसतोय तिकडे, आणि तुम्ही एकमेकांची नरडी धरताय! फखरीभाऊ, तुमच्या मिशीला पीळ द्यायला हीच जागा सापडली? हाजी, तुमचं काही चुकलं नाही. पेला ठेवायला जागा नव्हती. मला दिसत होतं."

हाजी रिबहींच्या डोळ्यांत पाणी होतं. माणसं परत गेली.

रविवारी हाजींचा फोन आला. "मुली," ते म्हणाले, "मी पुन्हा येईन. पण रस्त्यात मागणार नाही. घरात, पेला पुढ्यात ठेवून मागेन. आमच्यातले काही जण म्हणतात, अपशकुन झाला, दुसरी बघू. येत्या शुक्रवारपर्यंत मी त्यांना धरून ठेवतो. पुढचं माझ्या हातात नाही."

हनादी दोन दिवस जेवली नव्हती. थोरला मुलगा बिलाल शहराच्या दुसऱ्या, फाटकं नसलेल्या भागात राहायचा. त्याने सुचवलं, इकडे हॉल घेऊ, प्रश्न मिटला.

"आज साखरपुडा हॉलमध्ये," रसमिया म्हणाली. "उद्या बारसं हॉलमध्ये, परवा माझं मयत हॉलमध्ये. मग घरात आम्ही कशाला राहायचं? सकाळी कोणी येऊन मोजावं म्हणून?"

"यम्मा, पण तू लढणार कोणाशी?"

"कोणाशी नाही. जाऊन सांगणार."

हनादी आतून आली. डोळे सुजलेले. "मला घरातूनच मागा," ती म्हणाली, आणि पुन्हा आत गेली.

बिलालने तीन पानी अर्ज लिहून दिला. त्यात बापाच्या दुकानाचं सैन्याने वेल्डिंग करून बंद केलेलं शटर होतं, फुटलेल्या खिडक्या होत्या, कायद्याची कलमं होती. रसमियाने तो वाचला, सगळं खरं होतं, आणि घडी घालून घरीच ठेवला. मंगळवारी ती सैन्याच्या परवान्याच्या कचेरीत गेली. सकाळी सातपासून दीडपर्यंत उभी राहिली. तिचे पाय सुजले, पुढच्या बाईला चक्कर आली, मागचा माणूस सगळ्यांना शिव्या देऊन निघून गेला. शेवटी काचेमागच्या अधिकाऱ्याने मान वर न करता विचारलं, "नंबर?"

"रसमिया," ती म्हणाली. "जवदतची बायको, हनादीची आई."

"नंबर विचारला."

"तो तुम्हीच लिहिलाय, तुमच्या वहीत असेल."

त्याने आता वर पाहिलं. "काय पाहिजे?"

रसमियाने काचेच्या भोकापाशी तोंड नेलं, म्हणजे पुन्हा सांगावं लागू नये.

"येत्या शुक्रवारी दुपारी नऊ माणसं माझ्या घरी येऊ द्या. एक तास बसतील, माझ्या मुलीला मागतील, कॉफी पितील आणि जातील."