बोलायचो आम्ही, लिहायची सुमन

माझ्यावर कोणी विश्वास ठेवला नाही. कोर्टात नाही, चाळीत नाही, नवऱ्याने तर नाहीच. चौथी शिकलेली बाई, पोळ्या लाटते, हिला काय कळतंय! पण आमच्या गिरगावच्या पोळीभाजी केंद्रातले किस्से कणकेसारखे असतात. जास्त दिवस झाकून ठेवले की आंबतात. म्हणून आज सगळे बाहेर काढते.

*

केंद्र मंदाताईंचं. लाटायला आम्ही तिघी: मी, शोभा आणि सुमन परब. मी आणि शोभा सकाळभर टीव्हीवाल्यांची उणीदुणी काढायचो. सुमन गप्प. मान खाली, हात चालू. अकराच्या चहाला मात्र मोबाइल काढून आमचंच बोलणं फेसबुकवर टाकायची. शब्द न् शब्द! शेवटी स्वतःचं मालवणी शेपूट: "खरां तां खरां."

मी म्हणायचे, "बोलायचं आम्ही नि नाव तुझं होय गं?"

"तुका लिवूक येता खंय?" ती म्हणायची.

ठाकूरद्वारला एका खोलीत एकटी राहायची. गेल्या होळीला हॉस्पिटलमधून निरोप आला, सुमनचं काही खरं नाही, लगेच या. केंद्रात पुरणपोळीची मोठी ऑर्डर होती. मी म्हणाले, "एवढ्या लाटते नि येते."

लाटून होईपर्यंत सुमन गेली. तिच्या खोलीची चावी तेव्हापासून माझ्या कमरेला आहे.

*

पुढे एका मालिकेतली थोरली सून आणि तिचा पडद्यावरचा दीर यांचं भांडण पेटलं. खरंखुरं. ती म्हणाली, हा सेटवर त्रास देतो. झालं, लोकांच्या दोन पार्ट्या! शोभा सुनेच्या बाजूची, मी दिराच्या.

"कोंबडीसारखी रडते मेली!" मी एका सकाळी म्हणाले.

अकराला शोभाने मोबाइल उघडला आणि हातातला कप खाली ठेवला.

"कोंबडीसारखी रडते मेली. खरां तां खरां."

वर नाव सुमन परब. फोटो तोच, गणपतीतला, हिरव्या साडीतला.

*

मंदाताई शोभावर उखडल्या. "गेलेल्या बाईच्या नावाने लिहितेस? लाज नाही वाटत?"

"आईशप्पथ, मी नाही हो!" शोभा रडायला लागली.

सुमनचा मोबाइल केंद्रातच राहिला होता. मंदाताईंनी कपाटातून काढला. काच फुटलेली, बॅटरी फुगलेली, आत कार्ड नाही. त्यांनी तो डाळीच्या रिकाम्या डब्यात टाकला, झाकण लावलं आणि झाकणावर वरवंटा ठेवला!

दुसऱ्या दिवशी अकराला नवीन आलंच.

*

आता माझं पाप. शोभा मला म्हणाली, "अगं, त्या सुनेची आई गेली मागच्या वर्षी. थोडी तरी माया दाखव."

मी तडकले. "माया कसली? आई हॉस्पिटलात मरत होती तेव्हा ही सेटवर खिदळत होती!"

मला कुठे काय ठाऊक होतं? तोंडाला आलं ते बोलले. लाटणं तेवढं हातातून निसटलं.

अकराला ते सुमनच्या नावाने हजर. संध्याकाळपर्यंत जो तो ते पुढे ढकलत होता. चार दिवसांनी दीर स्वतः मुलाखतीत तेच बोलला, जसंच्या तसं. लोकांनी सुनेला आईची मारेकरीण ठरवून टाकलं. मालिकेतून तिला काढलं. मग तिने भोईवाड्याच्या कोर्टात दिरावर अब्रुनुकसानीची केस ठोकली.

आम्ही तोंडाला कुलूप घातलं. आठवडाभर केंद्रात फक्त लाटण्यांचा आवाज. सातव्या दिवशी शोभाने मोबाइल माझ्यापुढे धरला.

"आज सगळ्यो गप कित्याक?"

*

दिराचा वकील कोर्टात म्हणाला, "माझ्या अशिलाने काही रचलेलं नाही. लोक बोलत होते तेच तो बोलला. पहिलं कोणी लिहिलं ते शोधा!"

मेलेल्या बाईच्या माथी माझं पाप जाणार! मी थेट भोईवाडा गाठला. कोर्टाबाहेर सून उभी होती. टीव्हीत दिसते त्याच्या निम्मी झालेली.

"बाई, ते वाक्य माझं आहे. मी रचलं."

तिच्या वकिलाने माझ्या हातातला बटणांचा फोन बघितला. "मावशी, यावर फेसबुक चालतं का?" सगळे हसले.

सून नाही हसली. "माझ्या आईला ओळखत होतात तुम्ही?"

"नाही."

"मग तुमच्या डोळ्यांपुढे कोण मरत होतं?"

माझा हात कमरेच्या चावीवर गेला.

कोणीतरी ते सगळं शूट केलं. संध्याकाळी माझाच व्हिडिओ फिरत होता. शोभाने खालचं वाचून दाखवलं. "नाटकी बाई." "किती घेतले बोलायचे?" "भाड्याने आणलीय." शंभर शिव्यांत माझ्या बाजूचं एकच होतं.

"खरां तां खरां."

*

आणि हा परवाचा किस्सा. सकाळी केंद्रात हवालदार आला. म्हणाला, "परबबाईंना घरी समन्स दिलंय. कामाच्या जागेची खात्री करायला आलो."

मी कमरेची चावी त्याच्यापुढे नाचवली. "कोणाला दिलंत? ती खोली वर्षभर बंद आहे!"

"उघडी होती की. बाई पोळपाट घेऊन बसली होती. सहीला थांबवलं मला, हात भरलेत म्हणून."

"काय बोलली?" मंदाताईंनी विचारलं.

"मालवणीत बोलली काहीतरी. कोर्टात यावं लागेल म्हटलं, तर म्हणाली, 'एवढ्यो लाटतंय नि येतंय.'"

शोभाने माझा हात घट्ट धरला. त्याने कागद उलगडला. सहीशेजारी पुरणाचं पिवळं बोट उमटलेलं. वर टाइप केलेलं मी एकेक अक्षर लावत वाचलं. दिराचं नाव दुसऱ्या क्रमांकावर होतं. आरोपी क्रमांक एक: सुमन दत्ताराम परब.