शिट्टीवरचं जातं

सेफ्टी व्हॉल्व्हवर फुटक्या जात्याचा अर्धा भाग तारेनं आवळून बांधलेला होता. बॉयलरखाली कापसाच्या वाळक्या पराट्या धडधडून जळत होत्या आणि त्याच बॉयलरच्या सावलीला जमनाबाई तांड्यावरच्या आपल्या बायांना घेऊन न्याहारीला बसली होती. मी मोटारसायकल स्टँडला लावायची विसरलो. तशीच हातात धरून उभा राहिलो.

"या खलीलभाई, चहा घ्या," उत्तमराव म्हणाले. बॉयलर त्यांचा. सीझनभर गावोगाव फिरवून लोकांची हळद शिजवून देतात.

"चहा नंतर. ते वर काय ठेवलंय?"

"जातं."

"ते दिसून राहिलं. काहून ठेवलं?"

"शिट्टी लई वाजत होती. समदी वाफ वाया. जातं बांधल्यापासून कशी गप झाली बघा."

मी हळदीचे बॉयलर आणि ड्रम बनवतो. हिंगोलीत वर्कशॉप आहे. जिल्ह्यातली निम्मी हळद माझ्या ड्रममध्ये शिजते आणि उरलेली निम्मी पिवळी होते ती निव्वळ नशिबानं. एकदा लाइट गेली तेव्हा माझ्या वेल्डिंगच्या उजेडात मागच्या गल्लीतलं एक लग्न लागलं. नवरा-नवरी अजूनही काळा चष्मा घातल्याशिवाय एकमेकांकडे बघत नाहीत. हे आधीच सांगून टाकलं. सांगणारा कोणत्या तब्येतीचा आहे ते वाचणाऱ्याला कळलेलं बरं.

ज्यांनी हळद फक्त डब्यात पाहिली त्यांच्यासाठी सांगतो. ओली हळद आधी वाफेवर शिजवावी लागते, मग वाळवायची, मग मोंढ्यात विकायला न्यायची. बॉयलर म्हणजे पाण्याची लोखंडी टाकी. खाली जाळ. वाफ पाइपातून ड्रममध्ये जाते, ड्रममध्ये हळद. टाकीवर दोन वस्तू असतात. एक काटा, म्हणजे प्रेशर गेज, आत वाफेचा जोर किती ते दाखवतो. दुसरी शिट्टी, म्हणजे सेफ्टी व्हॉल्व्ह. जोर जास्त झाला की ती आपोआप उघडते आणि वाफ बाहेर सोडते. घरच्या कुकरसारखंच, फक्त हा कुकर बैलाएवढा असतो आणि चिडला तर बैलापेक्षा वाईट.

मला बोलावलं होतं ड्रमच्या झाकणाची रबरी गॅस्केट बदलायला. पण मी काट्याकडे पाहिलं. जाळ एवढा आणि काटा खाली निजलेला. नखानं टकटक केलं. हलला नाही.

"उत्तमराव, काटा मेलाय."

"तो तर दिवाळीतच गेला. काम कुठं अडलं?"

आता अवकाशयानांचं सांगायला पाहिजे, नाहीतर पुढचं कळणार नाही.

वेल्डिंगनं डोळे चुरचुरले की मी दुपारी डोळ्यांवर बटाट्याच्या चकत्या ठेवून पडतो. डोळे बंद, कान रिकामे. एकदा पोरीनं कानाशी मोबाइल लावून दिला, त्यात अवकाशयानांच्या अपघातांची माहिती चालू होती. त्या दिवसापासून मला नाद लागला. किती बटाटे संपले त्याचा हिशेब बायकोकडे मागा. ती म्हणते, एवढ्या भाजीत तांडा जेवला असता.

मला वाटायचं, तिथं काहीतरी आभाळाएवढ्या चुका होत असतील. बिघाड बघावा तर माझ्याच दुकानातला. रबर, दार, व्हॉल्व्ह. चंद्रावर जायची तयारी करताना तीन जण जमिनीवरच यानात जळाले, कारण दार आतल्या बाजूला उघडत होतं आणि आतला जोर ते उघडू देईना. रशियाचे तीन जण परतताना एक व्हॉल्व्ह वरच उघडला आणि हवा निघून गेली. यान नीट उतरलं. दार उघडलं तर तिघं आपापल्या जागी बसलेले, गेलेले. आणि ते अमेरिकेचं यान, ज्यात एक शाळेची बाई होती. थंडीत रबराची कडी कडक झाली, आग बाहेर आली, सातही जण गेले. आदल्या रात्री इंजिनिअर सांगत होते, थंडी फार आहे, उडवू नका. त्याआधीच्या उड्डाणांतही त्या कड्या जळक्या निघाल्या होत्या. पण यान दर वेळी परत आलं होतं ना, मग चालतंय.

मी प्रत्येक गोष्टीत भर घालतो. मेलेल्यांच्या गोष्टीत घालत नाही. ती आहे तेवढीच पुरे असते.

तर इकडे जातं, मेलेला काटा आणि सावलीला सहा-सात बाया. वर टाकीवर त्यांच्या उरलेल्या भाकऱ्यांची गाठोडी गरम व्हायला ठेवलेली. मी माझ्या नेहमीच्या पद्धतीनं सुरू केलं.

"उत्तमराव, जाळ ओढा. हे फुटलं तर हिंगोलीचं स्टेशन उडून वाशिमला जाईल आणि वाशिमचे लोक ते परत देणार न्हाईत."

बाया खो-खो हसल्या. जमनाबाई म्हणाली, "बरं होईल की. आमाला गाडी जवळ पडंल."

"हसू नका. नरसीच्या देवळातली घंटा आपोआप वाजंल. कनेरगाव नाक्यावरच्या ढाब्यात जेवणाऱ्या माणसाच्या ताटात हा नट जाऊन पडंल, आन् तो ढाबेवाल्याला म्हणंल, भाजीत लोखंड हाय."

"आजून सांगा भाई," एक पोरसवदा बाई म्हणाली, "भाकर गोड लागून राहिली."

माझी तीच तकलीफ आहे. जेवढं जोरात सांगावं तेवढी माणसं आरामात बसतात. मग मी यानाची गोष्ट काढली, रबराची, शाळेच्या बाईची. उत्तमराव चहा फुंकत ऐकत होते.

"खलीलभाई, आपुन काय चंद्रावर चाललो का? हळद शिजवून राहिलो."

"वाफ तीच असते, उत्तमराव. तिला कुठं माहीत, वर कोण बसलंय."

"आवो, जातं बांधून पंधरा दिस झाले. रोज शिजवतो. काही झालं? आन् उद्या मशीन दुसऱ्या गावाला द्यायचंय. आभाळ भरून येऊन राहिलं. ढीग बघा, अजून अर्धा पडलाय. जाळ ओढला तर पाणी परत तापायला दुपार होईल." त्यांनी कप खाली ठेवला. "फुटंल म्हणता ना? मग दाखवा शाबीत करून. दाखवा, अन् मी आत्ता बंद करतो."

त्या रात्री त्या इंजिनिअरांनाही अगदी हेच ऐकावं लागलं होतं. उडवणाऱ्यानं शाबीत करायचं असतं की यान धड आहे. तिथं थांबा म्हणणाऱ्याला म्हणाले, फुटेल हे शाबीत कर. बिचाऱ्यांना ते जमलं नाही. फुटेपर्यंत ते कुणालाच जमत नाही.

मला भर घालायला काही सुचेना. आयुष्यात पहिल्यांदा. जी गोष्ट तोंडावर आली ती उघडी-वाघडीच बाहेर पडली, आणि आवाजही निघाला तो मोहरमच्या दहाव्या दिवशी शोकात निघतो तेवढाच बारीक.

"काटा मेलाय. शिट्टी बंद हाय. वाफेला जायला वाट न्हाई. मला भीती वाटून राहिली."

कुणी हसलं नाही. जमनाबाईनं हातातला घास भाकरीवर परत ठेवला. माझ्याकडे नीट बघितलं. मग उठली आणि लुगडं झटकलं.

"उठा गं."

"काहून?" उत्तमराव म्हणाले. "जमनाबाई, काम टाकून कुठं?"

"खलीलभाईनं वाशिम न्हाई म्हनलं, नरसी न्हाई म्हनलं. भीती वाटते म्हनला. याच्या तोंडून एवढं बारीक मी कधी ऐकलं न्हाई. उठा, भाकरी ऱ्हाऊ द्या."

बाया उठल्या म्हणून ड्रमवरचे गडी उठले. गडी उठले म्हणून जाळावरचा म्हातारा उठला, पण त्याला मी थांबवलं आणि आम्ही दोघांनी लांब बांबूनं जळत्या पराट्या बाहेर ओढल्या. उत्तमरावांनी बादली उचलली.

"पाणी मारू नका, तापलं लोखंड तडकंल," मी म्हणालो. तोच बारीक आवाज. त्यांनी बादली अशी ठेवली की जणू तिच्यात साप होता, आणि आमच्या मागोमाग तुराट्यांच्या गंजीआड आले.

तिथं आम्ही बसून राहिलो; जाळ गेला तरी आत कोंडलेली वाफ तशीच होती. बराच वेळ काही झालं नाही. उत्तमराव माझ्याकडे बघायला लागले. पोरसवदा बाई म्हणाली, "माझी भाकर थंडी होईल." तेवढ्यात झालं.

इथं भर घालायला माझे हात शिवशिवतात. घालत नाही. टाकीचा बुडाचा जोड उसवला. टाकी जागची उठली आणि ड्रमवर आडवी पडली. बाया जिथं बसल्या होत्या तिथं उकळत्या पाण्याचा डोह झाला. जातं तार तोडून गेलं ते बांधापलीकडच्या हरभऱ्यात पडलं. शिजलेली हळद आमच्या सगळ्यांच्या अंगावर बरसली, इतकी की गंजीआडून उठलेला प्रत्येक जण हळदीला बसल्यासारखा दिसत होता. उत्तमराव तर साक्षात नवरदेव. जमनाबाईनं त्यांच्याकडे बघितलं आणि तिला हसू आलं. मग सगळ्यांनाच आलं. एका गाठोड्यातली भाकरी उत्तमरावांच्या टोपीवर येऊन पडली. ती गरम होती, एवढं मी शपथेवर सांगतो.

कुणाला ओरखडा नाही.

उत्तमरावांनी त्या डोहाकडे एकदा बघितलं. मग जमनाबाईपुढे जाऊन हात जोडले. ती म्हणाली, "आता आमच्या भाकरीचं बघा, दादा."

नवा बॉयलर मीच बनवला. शिट्टी दिवसभर वाजते. उत्तमराव तिला शिव्या घालतात, पण हात लावत नाहीत. माझा धडा एवढाच: शिट्टी वाजत असेल तर वाजू द्यावी, आणि काल फुटलं नाही हा आज न फुटण्याचा पुरावा नाही.

दोन गोष्टी मात्र त्या दिवसापासून बिघडल्या. नाक्यावर उत्तमराव सांगतात, जातं मराठवाड्याची हद्द ओलांडून पार विदर्भात पडलं. मी म्हणतो, बांधापलीकडच्या हरभऱ्यात, मी डोळ्यांनी पाहिलं. लोक उत्तमरावांना चहा पाजतात आणि मला म्हणतात, खलीलभाई, तुमी कधी तरी खरं बोला.

दुसरी गोष्ट परवाची. नरसीच्या बाजूला एक ड्रम बघायला गेलो होतो. घसा बसला होता. मशीन माझंच, नवंकोरं, काटा बराबर, शिट्टी बराबर. मी बारीक आवाजात एवढंच म्हणालो, "जरा पाणी द्या." तांब्या यायच्या आत जाळ ओढून झाला होता आणि सगळी माणसं ओढ्यापलीकडे जाऊन उभी होती.

पाणी मला ओढा ओलांडून जाऊन प्यावं लागलं.