झाकलेली झोळी

दुष्काळाच्या साली आमी पाझर तलावाच्या कामावर हुतो. मिरजगावापासनं तासभर चालत गेलं की त्यो माळ लागायचा. मी घमेल्यानं माती वाहायची. सा म्हयन्याची माझी पोरगी बाभळीला बांधलेल्या झोळीत निजायची.

एक दिस मुकादम म्हनला, उद्या सरकारचे सिनेमावाले येनार, कामाचं चित्र काढनार. दुसऱ्या दिशी समद्या बाया ठेवनीतली लुगडी नेसून आल्या. कॅमेरावाल्यानं कपाळाला हात लावला.

"अहो, कामाला आलात का लग्नाला?"

माझी जाऊ म्हनली, "लग्नालाच. नवरदेव दावा, म्हंजी घमेलं खाली ठिवते."

त्यो बी हसला आन तसंच चित्र काढाया लागला.

फिरत फिरत बाभळीकडं गेला. सासू कायम सांगायची, लेकराकडं कुनी टक लावून बघितलं की नजर लागती. ह्ये यंत्र तर पापनी बी हलवत न्हवतं. मी पळत गेले आन झोळीचं कापड वडून पोरीचं तोंड झाकलं. "बाई, जरा बाजूला करा ना," त्यो म्हनला. मी न्हाई केलं.

दोन म्हयन्यांनी पोरीला गोवर आला. दवाखान्यात न्हेईस्तवर गेली. चार दिसांनी मी परत कामावर गेले. फोटो काय तिचा कुनी काढला न्हवता.

त्याला लई वर्सं झाली. मागल्या साली मुंबईची एक पोरगी आली. टीव्हीवाल्यांना जुनी फिल्म हुडकून द्यायची, कुटली कवाची त्ये बघायचं, ह्येच तिचं काम. फिल्मच्या डब्यावर आमच्याच जिल्ह्यातल्या अकोले तालुक्याचं नाव हुतं. अकोल्याची मान्सं म्हनली, आमच्याकडं डोंगर हायेत, ह्ये सपाट रान आमचं न्हाई. मग गावोगाव म्हातारी मान्सं गाठत ती माझ्यापतुर आली.

लॅपटॉपवर तिनं फिल्म लावली. आवाज न्हवता. जाऊ दिसली, हसत हुती. मी म्हनले, व्हय, ह्यो आमचाच तलाव. मंग बाभळ आली.

"थांबीव," मी म्हनले. पोरीचं तोंड मला आता नीट आठवत न्हाई. तेवढं बघायचं हुतं.

ती थांबवीस्तवर झोळी दिसली, माझाच हात आला आन कापड वडलं.

"हात यायच्या आदी बघ."

तिनं चार-पाच डाव मागं न्हेऊन हळूहळू दाखवलं. तोंड कुटंच न्हवतं. पर झाकल्यावर कापड आतनं हलत हुतं. पाय झाडत हुती ती.

"आजी, आत कोण आहे?"

"माझी लेक. ऱ्हायली न्हाई."

तिनं वही जवळ घेतली. मंग तिनं वहीत लिवलेलं मला वाचून दाखवलं. बाया, माती, झाड, झोळी.

"झोळीत पोरगी हाय, त्ये बी लिव्ह," मी म्हनले.

तिनं लिवलं. नाव इचारलं, मी सांगितलं. मंग ती फिल्म पुढं न्ह्यायला लागली.